मॅडम, अजून भिशी लावता?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. 'तीस वर्षं गणित शिकवलंत आणि पैसे भिशीत? ना व्याज, ना कागद!' हे माजी विद्यार्थी विचारतात, भाचा तर दर दिवाळीला विचारतो.

कागद होता की माझ्याकडे. गावातल्या एका पतसंस्थेची ठेवपावती, दोन सह्या, गोल शिक्का. व्याज बँकेपेक्षा दोन टक्के जास्त. रोजची बचत दारी येऊन गोळा करणारा त्यांचा पिग्मीवाला रोज संध्याकाळी यायचा, पाणी प्यायचा, आईच्या गुडघ्यांची चौकशी करायचा. संस्थेवर प्रशासक आला तेव्हा मला कळलं, की बँकेतल्या ठेवीला विमा असतो (आधी १ लाखाचा, २०२० पासून ५ लाखांपर्यंत), पतसंस्थेतल्या ठेवीला तो नसतो. गणिताच्या बाईला हे ठाऊक नसावं! पैसे थोडे मिळाले, बरेचसे गेले. पिग्मीवाला मला पाहून रस्ता बदलू लागला, ते जास्त लागलं. त्याची स्वतःचीही ठेव बुडाली होती, बिचाऱ्याची. संचालक मात्र लग्नांत पहिल्या पंगतीला बसत राहिले.

भिशीचा हिशेब मला कळत नाही असं नाही. आम्ही बाराजणी, महिन्याला २ हजार, चिठ्ठी निघेल तिला २४ हजार. शेवटी जिचा नंबर लागतो तिचं वर्षभराचं व्याज बुडतं, हे फळ्यावर मांडून दाखवीन. कुणी पैसे बुडवलेच, तर दाखवायला एक वही. म्हणून निवृत्तीचे पैसे तिथे नाहीत. ते दोन वेगळ्या बँकांत आहेत, प्रत्येकी ५ लाखांच्या आत, कारण विम्याची मर्यादा बँकेगणिक असते, शाखेगणिक नाही.

मग भिशी कशाला? २०२० च्या मे महिन्यात आमच्यातल्या एकीची खानावळ बंद पडलेली. फोनवर म्हणाली, 'माझं नाव काढा.' नाव काढलं नाही. तिचे २ हजार आम्ही अकराजणींनी वाटून भरले आणि त्या महिन्यात चिठ्ठी उचललीच नाही, रक्कम तिला दिली. ठराव नाही, सही नाही. एक जण कुरकुरली, नाही असं नाही. तीही भरून मोकळी झाली. पुढे वर्षभरात खानावळवालीने सगळे हप्ते फेडले, आमच्या डोक्यावरचे सुमारे १८०-१८० रुपयेसुद्धा. मी 'राहू दे गं' म्हटलं तर रागावली.

येत्या ५ तारखेला भिशी माझ्याकडे आहे. साबुदाणावडे मी करणार, चटणी ती आणणार. माझी चटणी तिला पसंत नाही.