मिरजेच्या पडद्यावर 'जीझस ऑफ नाझरेथ'

सांगली-मिरज परिसरात प्रोजेक्टर व पडदे भाड्याने देण्याचा माझा व्यवसाय आहे. यंदा झावळ्यांच्या रविवारी (पाम संडे, ईस्टरच्या आधीचा रविवार) मिरजेतील एका चर्चच्या सभागृहात फ्रँको झेफिरेली यांच्या 1977 सालच्या 'जीझस ऑफ नाझरेथ' या दूरचित्रवाणी मालिकेचा पूर्वार्ध हाय डेफिनिशनमध्ये दाखवण्याचे काम माझ्याकडे आले. मंडळीतील ज्येष्ठांनी ही सहा तासांहून मोठी मालिका पूर्वी व्हिडिओ कॅसेटवर पाहिली होती, त्यामुळे नव्या प्रतीत फार काही वेगळे दिसेल असे त्यांना वाटत नव्हते.

मला मात्र खात्री होती. ही मालिका 35 मिलिमीटरच्या फिल्मवर चित्रित झालेली आहे. आपल्याकडच्या जुन्या टीव्हीवर चित्राच्या जेमतेम 576 ओळी दिसत आणि कॅसेट त्यातलाही बराच तपशील गाळत असे. फिल्मवर मात्र तो सारा तपशील शाबूत होता. थेट व्हिडिओ टेपवर चित्रित झालेल्या मालिकांच्या वाट्याला हे भाग्य येत नाही.

पडदा लांबट आणि मूळ चित्र चार-तीन प्रमाणाचे, म्हणून दोन्ही बाजूंना काळे पट्टे राहिले. "चित्र पडदाभर करा," असा आग्रह झाला. ताणले तर चेहरे फुगतात आणि कापले तर वरखालचे चित्र जाते, हे मी पाळकसाहेबांना दाखवले आणि चौकट तशीच ठेवली. फ्लोरेन्समध्ये कला व वास्तुकला शिकलेल्या दिग्दर्शकाने विचारपूर्वक केलेली मांडणी मोडण्याचा अधिकार आपल्याला नाही, असे मला मनापासून वाटते.

येशूची भूमिका करणाऱ्या रॉबर्ट पॉवेल यांची क्वचितच पापणी लवणारी नजर कॅसेटवरही लक्षात राहत असे; या वेळी नवल वाटले ते गर्दीचे. मालिकेचे चित्रण मोरोक्को व ट्युनिशियात झाले आहे. पूर्वी तपकिरी डागासारखा दिसणारा जमाव आता एकेका माणसाचा झाला होता: जाड्याभरड्या कापडाची वीण, उन्हाने रापलेले गाल, कपाळावरची धूळ. संवाद इंग्रजी असले तरी कथा तोंडपाठ असल्याने कोणाचे काही अडत नव्हते. येशू पाच भाकरींत हजारोंना जेवू घालतो त्या प्रसंगानंतर एक निवृत्त सिस्टर मला म्हणाल्या, "दादा, इतकी वर्षं मी फक्त येशूकडेच बघत होते. ज्यांच्यासाठी तो बोलत होता, ती माणसं आज दिसली."

शुभ शुक्रवारी (गुड फ्रायडे) उत्तरार्ध दाखवायचे तेव्हाच ठरले, आणि काळ्या पट्ट्यांबद्दल पुन्हा कोणी तक्रार केली नाही.