तिची डॉक्टरकी वाया गेली का?

पुण्यात मी जर्मन शिकवते. माझ्याकडे येणारे बहुतेक जण नर्सिंग किंवा मेडिकलवाले, जर्मनीत नोकरीसाठी निघालेले. ऐकण्याच्या सरावासाठी मी त्यांना ‘टाटोर्ट’ या गुन्हेतपासाच्या मालिकेतले प्रसंग दाखवते, आणि त्यातही अभिनेत्री मारिया फुर्टवेंगलरचे जास्त, कारण तिचे उच्चार स्वच्छ आहेत, ती शब्द गिळत नाही. ही बाई खरीखुरी डॉक्टर आहे असं सांगितलं की प्रश्न ठरलेला: "मॅडम, मग एवढं शिक्षण वाया नाही गेलं?" पालक भेटले की तेही विचारतात, जरा जास्तच काळजीनं. वर्गात दोन वाक्यांत उत्तर देऊन पुढे जावं लागतं. हाच प्रश्न तुम्हीही विचारलात, म्हणून आज नीट लिहिते.

प्रश्न मला गैर वाटत नाही. मेडिकलच्या एका जागेसाठी घर किती वर्षं राबतं हे मी रोज बघते. डॉ. श्रीराम लागूंनी कान-नाक-घशाची प्रॅक्टिस सोडून १९६९ मध्ये पूर्णवेळ रंगभूमी धरली तेव्हा त्यांनाही हे ऐकावं लागलं असणारच. आज त्याबद्दल कोणी हळहळत नाही.

मारिया १९६६ मध्ये म्युनिकला जन्मली. आई काथरिन आकरमान अभिनेत्री. विख्यात वाद्यवृंदसंचालक विल्हेल्म फुर्टवेंगलर हे घराण्यातलेच, नात्यानं चुलत आजोबा. सातव्या-आठव्या वर्षी ती पहिल्यांदा कॅमेऱ्यासमोर उभी राहिली, काकांच्या दिग्दर्शनाखाली. म्हणजे अभिनय घरातच होता. घराबाहेर जाऊन तिनं मिळवलं ते वैद्यक. फ्रान्समध्ये माँपेलियेला शिकली, पुढे डॉक्टरेट घेतली, रुग्णही तपासले. त्याच काळात, १९८७ पासून, एका कौटुंबिक मालिकेत मुलीची भूमिका चालू होती. बरीच वर्षं दोन्ही कामं हातात हात घालून चालली, तेव्हा "डॉक्टरकी सोडली आणि नटी झाली" असा सरळ हिशेब तिथे लागत नाही.

नाव झालं ते ‘टाटोर्ट’मुळे. ही मालिका १९७० पासून चालू आहे, रविवारी रात्री सव्वाआठला लागते. ती दाखवणारी एआरडी ही जर्मनीच्या वेगवेगळ्या प्रांतांतल्या सार्वजनिक वाहिन्यांची मिळून झालेली संस्था. प्रत्येक वाहिनी आपापल्या शहरात आपापले पोलीस घेऊन भाग तयार करते. एका रविवारी म्युनिक, पुढच्या रविवारी कोलोन. लोक घोळक्यानं पबमध्ये बसून बघतात आणि खुनी कोण यावर पैजा लावतात. २००२ मध्ये उत्तर जर्मनीच्या वाहिनीनं हॅनोव्हरसाठी शार्लोटे लिंडहोम ही तपास अधिकारी आणली, आणि ती भूमिका मारियाकडे आली. लिंडहोम उंच, शिस्तीची, थोडी गर्विष्ठ, चूक कबूल करायला जड जाणारी. पुढे तिला मूल होतं आणि ती एकटीनं ते वाढवते. २०१९ मध्ये तिची बदली ग्योटिंगेनला होते, तिथे फ्लोरेन्स कासुम्बानं साकारलेली सहकारी तिला भेटते. या मालिकेतली ती पहिली कृष्णवर्णीय महिला तपास अधिकारी. दोघींचं पटत नाही, आणि मालिका ते घाईनं पटवूनही देत नाही. मला लिंडहोम आवडते ती यासाठी. प्रेक्षकांनी आपल्याला माया लावावी अशी तिची धडपड नसते.

२००७ मध्ये, दुसऱ्या महायुद्धाच्या शेवटी पूर्व प्रशिया या तेव्हाच्या जर्मन प्रांतातून रशियन सैन्यापुढे पळणाऱ्या जर्मनांवरच्या दोन भागांच्या चित्रपटात ती प्रमुख भूमिकेत होती. तो एक कोटीहून जास्त लोकांनी पाहिला. त्यानंतर तिला घरोघर ओळखू लागले.

आता डॉक्टरकीकडे येते. १९८३ मध्ये जर्मनीत एक संस्था सुरू झाली, आज तिचं नाव ‘जर्मन डॉक्टर्स’. पद्धत साधी: डॉक्टरांनी आपल्या रजेतले सहा आठवडे द्यायचे, बिनपगारी, आणि गरीब वस्तीत जाऊन रुग्ण तपासायचे. नैरोबी, फिलिपिन्स, आणि आपल्याकडे कोलकाता. कोलकाता-हावड्याच्या झोपडपट्ट्यांत त्यांनी क्षयरोगावर मोठं काम केलं आहे. मारिया या संस्थेशी वर्षानुवर्षं जोडलेली आहे. फिलिपिन्समध्ये सेबू इथे देहव्यापारातून सुटलेल्या मुलींसाठी एक निवारा उभा राहिला. मारियातला ‘मा’ आणि मुलगी एलिझाबेथमधला ‘लिसा’ घेऊन त्याचं नाव ‘मालिसा’ पडलं. सुटका झालेल्या मुलीला राहायला सुरक्षित जागा, उपचार, शाळा आणि बराच वेळ लागतो, हे ज्यानं असं काम जवळून पाहिलंय त्याला सांगावं लागत नाही.

जर्मन टीव्हीवर असं काम करणारी ती एकटी नाही. कोलोनच्या ‘टाटोर्ट’चा एक भाग १९९८ मध्ये मनिलावर झाला, तिथली रस्त्यावरची मुलं पाहून आलेल्या नटांनी स्वतःची संस्था काढली आणि त्यांच्यासाठी मदत सुरू केली.

पण मारियाचं जे काम मला सगळ्यांत मोलाचं वाटतं त्यात कुणाला पैसे वाटलेले नाहीत. त्यात फक्त मोजणी आहे. २०१६ मध्ये मायलेकींनी मालिसा प्रतिष्ठान स्थापन केलं आणि रोस्टॉक विद्यापीठाच्या संशोधकांना एक काम सोपवलं: जर्मन पडद्यावर बायका किती दिसतात ते मोजा. तीन हजार तासांहून जास्त टीव्ही कार्यक्रम आणि आठशेहून जास्त चित्रपट तपासले गेले. सार्वजनिक आणि खासगी, दोन्ही प्रकारच्या मोठ्या वाहिन्यांनी याला हातभार लावला. २०१७ मध्ये निष्कर्ष आले. एका बाईमागे दोन पुरुष. तिशीच्या मध्यापासून बायका कमी होत जातात, आणि पन्नाशीपुढे एका बाईमागे तीन पुरुष. तज्ज्ञ म्हणून बोलावलेल्यांत पाचांतली जेमतेम एक बाई. लहान मुलांच्या कार्यक्रमांत चार पात्रांत एकच मुलगी. नुसते प्राणी आणि काल्पनिक पात्रं घेतली तर दहांत एक. एखादा ससा किंवा ड्रॅगन पुरुषच असावा अशी गोष्टीची काही गरज नसते. लिहिणाऱ्याच्या हातून ते आपसूक घडतं, म्हणून तर मोजावं लागतं.

माझ्या विद्यार्थिनींना मी सांगते, ही डॉक्टरची सवय आहे. रुग्ण "बरं वाटत नाही" म्हणाला की तुम्ही आधी तपासण्या लिहून देता. बायकांना पडद्यावर जागा नाही ही तक्रार अभिनेत्री पिढ्यान् पिढ्या करत होत्या, आणि ती वैयक्तिक रडगाणं म्हणून बाजूला पडत होती. आकडे आल्यावर वाहिन्यांच्या प्रमुखांना त्यावर बोलावं लागलं. पुढच्या पाहणीत यूट्यूब, इन्स्टाग्राम आणि गाण्यांचे व्हिडिओही आले. आणखी एका अभ्यासात बायकांवरची हिंसा टीव्हीवर कशी दिसते ते पाहिलं गेलं: सुमारे एक तृतीयांश कार्यक्रमांत ती होती, पण जिच्यावर हिंसा झाली तिला बोलायला क्वचितच मिळत होतं. गुन्हेतपासाच्या मालिकेची नायिका असून तिनं हा प्रश्न आपल्याच धंद्याला विचारला, याची मला खरी किंमत वाटते.

एका विद्यार्थ्यानं मला अडवलं होतं: तिचे यजमान मोठे प्रकाशक, पैसा होता, म्हणून जमलं. बरोबर आहे. हुबर्ट बुर्डा जर्मनीतले बडे माध्यमसम्राट, १९९१ मध्ये त्यांचं लग्न झालं, २०२२ मध्ये ते वेगळे झाल्याचं जाहीर झालं. त्या घरातून फोन गेला की दारं उघडतात. पण तीच दारं असलेले लोक तिथे पुष्कळ होते, आणि मोजणीचा हट्ट त्यांच्यापैकी कुणी धरला नव्हता. शिवाय ज्यांच्याकडून भूमिका मिळतात त्यांच्याच कारभाराचा हिशेब मागणं हे नटीसाठी धोक्याचं असतं, घरी पैसा असला तरी.

मग वाया काय गेलं? दवाखाना सुटला असेल. तपासायची रीत तिच्याजवळच राहिली, आणि ती तिनं अशा जागी वापरली जिथे दुसरा डॉक्टर पोचला नसता. २०२१ मध्ये तीच मोजणी पुन्हा झाली. मालिका-चित्रपटांत स्त्री-पुरुषांचं प्रमाण बरंच जवळ आलं होतं. पन्नाशीपुढच्या बायकांची कमतरता मात्र तशीच ठळक होती. मारिया स्वतः त्याच वयोगटात आहे, आणि तिची लिंडहोम पुन्हा हॅनोव्हरला येऊन तपास करते आहे.