संगीताचा देव रचताना: वरकड, वाळू आणि कणीक

फँटसी लिहिणाऱ्यांच्या वहीत हा देव हमखास असतो. आधी काहीच नव्हतं, मग देव गायला आणि सृष्टी झाली. वाचायला बरं वाटतं, पण त्या देवाच्या हातातली वीणा काढून हातोडा दिला तरी कथेत काही बिघडत नाही. मग तो संगीताचा देव कसला?

त्याला खरोखर संगीताचा करायचा तर ध्वनीचे नियम त्याच्यावरही लागू करा. ते आयते तयार आहेत आणि कुठल्याही कल्पनेपेक्षा जास्त चमत्कारिक आहेत. सोयीसाठी आपल्या देवाचं नाव ऊमण ठेवू. नाव निवडतानाही कान लावायचा: म आणि ण लांबवता येतात, क आणि ट येत नाहीत. ज्याच्या नावावर भक्ताला गुणगुणत राहता येत नाही, तो या खात्याचा देव नव्हे.

आता सृष्टी. समजा ऊमणने पहिला सा सेकंदाला २४० आंदोलनांवर धरला. त्याचा पंचम दीडपट, म्हणजे ३६०. त्या पंचमालाच सा मानून पुन्हा पंचम घेतला की ५४०. हा सप्तकाबाहेर, म्हणजे दुप्पट आंदोलनांच्या वरच्या सा पलीकडे गेला, म्हणून निम्मा करून २७०. असंच पुढे: ४०५, ३०३.७५, ४५५.६... बारा पायऱ्यांत बारा स्वर होतात आणि बाराव्या पायरीला आपण घरी पोचायला हवं. पोचत नाही. वरचा सा ४८० ला असतो, आपण ४८६.५ वर उतरतो. निम्मं केलं तर २४० ऐवजी सुमारे २४३.३. दीडपट कितीही वेळा करा, ती दुपटींच्या हिशेबात कधीच चपखल बसत नाही. युरोपात याला पायथागोरसचा कॉमा म्हणतात. तो २३.४६ सेंटचा (सेंट म्हणजे अर्ध्या स्वराचा शंभरावा भाग), म्हणजे अर्ध्या स्वराच्या पाव हिश्शाहून किंचित कमी.

मोबाइलवर स्वर काढणारी दोन अॅप उघडा, एकावर २४०, दुसऱ्यावर २४३.३ लावा. आवाज थरथरेल, सेकंदाला तीनेक हेलकावे. ते हेलकावे हाच तुमचा कथाबीजाचा ऐवज. ऊमणने अगदी शुद्ध पंचमांनी विश्व बांधलं आणि शेवटी हे एवढंसं उरलं. मी त्याला 'वरकड' म्हणेन. त्याचं काय करायचं, हा त्या जगातला मूळ प्रश्न. कुणी म्हणेल मरण म्हणजे वरकड. कुणी म्हणेल वर्षाचे हिशेबात न बसणारे दिवस. इथे एकच पथ्य: वरकडाला राक्षस बनवू नका. तो कुणाच्या दुष्टपणातून आलेला नाही, सगळं शुद्ध केल्यामुळेच आलेला आहे.

विरोधी पंथही फुकटात मिळतो. पेटी जुळवणारे काय करतात? ते वरकड बारा पंचमांत सारखं वाटून टाकतात. प्रत्येक पंचम दोनेक सेंट उतरतो, वर्तुळ मिटतं, पण एकही पंचम पूर्ण खरा राहत नाही. २४० च्या सा बरोबर पेटीचा पंचम धरला तर सेकंदाला एकाहून कमी, असा संथ हेलकावा येतो. सगळ्यांनी थोडं थोडं खोटं सोसायचं की एकाच जागी सगळं साचू द्यायचं? यावर लढाया होऊ शकतात. (तंबोऱ्यावाल्यांना हा वाद परवडतो, कारण त्यांचा सा जागचा हलत नाही.)

स्वरांतून वस्तू कशा झाल्या, हा पुढचा प्रश्न. इथे अर्न्स्ट क्लाड्नी या जर्मन संशोधकाचा प्रयोग कामाला येतो. १७८७ साली त्याने तो पुस्तकात छापला. घरी करता येतो. पितळेचा किंवा अॅल्युमिनियमचा चौकोनी पत्रा घ्या, साधारण पंचवीस सेंटीमीटर बाजूचा, एक मिलीमीटर जाड. मधोमध एका स्क्रूने उभ्या दांड्यावर बसवा. वर कोरडी बारीक वाळू भुरभुरा. कडेच्या मध्यावर एका हाताचं बोट टेकवा आणि कोपऱ्याजवळ व्हायोलिनचा गज उभा ओढा. वाळू उड्या मारत सरकते आणि अधिकच्या चिन्हात गोळा होते. आता बोट कोपऱ्यावर आणि गज कडेच्या मध्यावर: फुली. गजाला राळ नसेल तर पत्रा फक्त कुरकुरतो. वाळू दमट असेल तर जागेवर चिकटते. कडेला धातूचे काटे राहिले असतील तर गजाचे केस तुटतात, म्हणून आधी कानस मारा.

नीट बघा, वाळू कुठे थांबली? जिथे पत्रा हलत नाही तिथे. म्हणजे आकार स्वरात होत नाही, स्वराच्या मधल्या स्तब्ध रेषांवर होतो. आणि कुठली रेष उमटेल हे गजाइतकंच टेकवलेलं बोट ठरवतं. ऊमणला दोन हात द्या, एक वाजवणारा, एक थांबवणारा. मूर्तीत बहुतेक जण दुसरा विसरतात.

याहून गंमत पुढे आहे. वाळूऐवजी फार हलकी, पिठासारखी भुकटी टाकली तर ती उलट जागी जमते, जिथे पत्रा सर्वांत जास्त हलतो तिथे. पत्र्यावर हवेचे छोटे प्रवाह उठतात आणि हलकी भुकटी त्यांच्यासोबत जाते. इंग्रज शास्त्रज्ञ मायकेल फॅरडेने १८३१ मध्ये हे समजावलं. म्हणजे तुमच्या जगात दोन मठ: वाळूवाले म्हणतात जग मौनात घडलं, पीठवाले म्हणतात घोषात. पत्रा एकच, गज एकच, दोघांचे पुरावे डोळ्यांसमोर. असा वाद लेखकाला शंभर पानं पुरतो.

शेवटी पूजा, कारण देव कितीही मोठा असला तरी रोजचं काम पुजाऱ्याचं. वाद्यं हवामान ओळखतात. उन्हात पोलादी तार लांबते आणि स्वर उतरतो. पावसाळ्यात कातडं ओल धरून सैल पडतं, म्हणून हलगी विस्तवावर शेकतात. ऊमणच्या देवळात आषाढात शेगडी हवीच. पखवाजाच्या डाव्या तोंडावर ओली कणीक लावतात, खर्ज जड व्हावा म्हणून. जास्त लावली तर आवाज दबतो, कमी लावली तर वर चढतो. वाजवून झालं की ती लगेच काढून टाकायची, नाहीतर वाळून कातड्याला धरते. तुमच्या देवळात तीच गोळी नैवेद्य करा: प्रत्येक वादनानंतर खरवडून काढलेली, अजून ओली, बोटांच्या ठशांसकट.