तुम्ही विचारलंत म्हणून: युद्धातली पत्रकारांची दोस्ती खरी असते का?

पुण्यात रानडे इन्स्टिट्यूटच्या पत्रकारिता शिकणाऱ्या पोरांबरोबर एफसी रोडला चहा घेताना कोणीतरी विचारतंच, सर, युद्ध कव्हर करायला येणारे परदेशी पत्रकार आणि तिथले लोकल पत्रकार, यांची दोस्ती खरी असते की कामापुरती? मी दरवेळी कंबोडियाचंच सांगतो.

न्यूयॉर्क टाइम्सचा सिडनी शॅनबर्ग आणि त्याचा तिथला सहकारी डिथ प्रान. १७ एप्रिल १९७५ ला ख्मेर रूजने, म्हणजे तिथल्या कट्टर कम्युनिस्ट बंडखोरांनी, राजधानी नॉम पेन्ह घेतलं, त्याच्या काही दिवस आधी प्रानने बायको-मुलांना अमेरिकनांबरोबर बाहेर काढलं होतं पण स्वतः कामासाठी मागे राहिला. त्या दिवशी हॉस्पिटलमधून निघताना सैनिकांनी शॅनबर्ग आणि आणखी दोन पत्रकारांना बंदुका रोखून चिलखती गाडीत कोंबलं. प्रानला ते सोडून देत होते, तर हा हट्टाला पेटला की मलाही आत घ्या, कारण तो नसेल तर ह्यांच्या वतीने बोलणार कोण? मग नदीकाठी तो कितीतरी वेळ हातापाया पडत राहिला, हे फ्रेंच आहेत, कोणाच्या बाजूचे नाहीत, सोडा यांना. आणि सोडलं!

पुढे सगळ्यांनी फ्रेंच वकिलातीत आसरा घेतला, तिथे प्रान परदेशी वाटावा म्हणून त्याच्यासाठी दुसऱ्याच्या पासपोर्टात फेरफार करून पाहिला, नाही जमलं. त्याला बाहेर पडावं लागलं, शॅनबर्ग सुखरूप थायलंडला. मला इथे फार त्रास होतो, जीव दोघांनी धोक्यात घातला पण पासपोर्ट एकाकडेच होता.

प्रान टॅक्सी ड्रायव्हर असल्याचं सांगत शेतात राबला, शिकलेला आहे हे कळतं तर मेलाच असता. मूठभर भातावर जगला. त्या राजवटीत १५ लाखांहून जास्त माणसं गेली, त्यात त्याचे भाऊ पण.

इकडे शॅनबर्ग त्याच्या बायको-मुलांचं बघत होता, प्रानचा पत्ता लागावा म्हणून मदत संस्थांना पत्रांवर पत्रं लिहीत होता. १९७६ चं पत्रकारितेचं पुलित्झर बक्षीस त्याने दोघांच्या वतीने घेतलं. दोस्ती खरी होती का हे मी ह्या वर्षांवरून ठरवतो, बंदुकीसमोर तर माणूस कोणाचाही हात धरतो हो.

ऑक्टोबर १९७९ मध्ये प्रान सीमा ओलांडून थायलंडला पोचला आणि शॅनबर्ग लगेच तिकडे धावला. त्याने माफी मागितली, तर प्रान म्हणाला माफ करण्यासारखं काही नाहीच. नंतर तो त्याच पेपरात फोटोग्राफर झाला, आणि २००८ मध्ये जाईपर्यंत ख्मेर रूजने काय केलं ते लोकांना सांगत राहिला.