कापराच्या चार वड्या

टूर मॅनेजरच्या नशिबात देवदर्शन कमी आणि डोकी मोजणं जास्त. त्या दिवशी क्योतोच्या हॉटेलातून निघताना चोवीस भरली. फुशिमी इनारी देवळाच्या पायथ्याशी चोवीस, नाराला कोचमधून उतरताना चोवीस. तिथल्या तोदाई-जी मंदिरातल्या महाबुद्धापुढे मोजली तर तेवीस. पुन्हा मोजली. तेवीसच.

चोविसाव्या म्हणजे काकू. सांगलीच्या, बहात्तर वर्षांच्या, गुडघ्याला पट्टा बांधूनही ग्रुपच्या पुढे चालणाऱ्या. बुद्धाच्या पुढ्यात, दानपेटीला लागून त्या चक्क खाली फरशीवर बसल्या होत्या. समोर स्टीलची छोटी डबी, तिचं झाकण बाजूला काढलेलं, एका पितळी निरांजनात कापराची वडी आणि हातात लायटर. खट्. पेटला नाही. मार्चचा गार वारा उघड्या दारांतून आत येत होता. पुन्हा खट्. मी "काकू!" म्हणून ओरडलो, पण मध्ये पिवळ्या टोप्या घातलेल्या शाळकरी मुलांची अख्खी सहल आडवी होती. तिसऱ्या खटक्याला कापूर पेटला.

ही इमारत ४९ मीटर उंच आणि ५७ मीटर रुंद आहे, आणि खांबांपासून छतापर्यंत लाकडाची आहे. हे आकडे मी चौदा वर्षं माइकवर सांगत आलोय. त्या क्षणी ते पहिल्यांदा माझ्या पोटात गेले.

आमची लोकल गाईड माझ्यापेक्षा चपळ निघाली. साठी ओलांडलेली, टोपीवर लायसन्सचा बिल्ला लावणारी ही बाई एरवी एकेक पाऊल मोजून टाकते. ती वाकली, डबीचं झाकण उचललं आणि निरांजनावर पालथं घातलं. ज्योत चार सेकंदही जळली नसेल. मग मंदिराचा पहारेकरी आला. आवाज चढवला नाही, हातवारे केले नाहीत. त्यानं गाईडबाईंना एकच प्रश्न विचारला, तो त्यांनी इंग्रजीत मला आणि मी मराठीत काकूंना विचारला : "अजून आहे का?"

काकूंनी डबी पुढे केली. आत चार वड्या होत्या.

पुढची दहा मिनिटं मी कमरेत वाकून काढली. एका कागदावर ग्रुपचं नाव, माझं नाव, सही, आणि गाईडबाईंनी लिहून दिलेला माफीचा मजकूर. जपानमध्ये कुणी रागावलं नाही की जास्त लाज वाटते. शेवटी डबी गाईडबाईंच्या पिशवीत गेली आणि आम्ही बाहेर आलो.

कापूर विमानातून नेता येत नाही, हे मी निघण्याआधीच्या मीटिंगमध्ये दरवेळी सांगतो. लोणचं कुठे ठेवायचं हेही सांगतो. लोणच्याचं लोक लिहून घेतात. काकूंनी कापूर औषधांच्या डब्यात घातला होता, लायटर इथल्या शंभर येनच्या दुकानात घेतला होता.

"देवापुढे दिवा लावायला परवानगी कसली?" काकू चिडलेल्या नव्हत्या, त्यांना खरंच कळत नव्हतं. "लाकडाचं म्हणशील तर आमचं देवघरही लाकडाचंच आहे. पन्नास वर्षं रोज कापूर लावतेय, कधी काही झालं नाही."

सभागृहाच्या समोर आठव्या शतकातला ब्राँझचा अष्टकोनी कंदील उभा आहे. गाईडबाईंनी सगळ्यांना त्याच्याभोवती उभं केलं. एरवी इथे फोटोंना पाच मिनिटं देतो. त्या दिवशी त्या बोलत राहिल्या आणि मी वाक्य-वाक्य मराठीत करत गेलो. ११८०च्या युद्धात हे सभागृह जळालं. पुन्हा बांधलं. १५६७ साली दुसऱ्या युद्धात जळालं. त्यानंतर मूर्ती शंभराहून जास्त वर्षं धड छपराविना होती. आत्ता दिसतं ते मस्तक १६९२चं आणि इमारत १७०९ची. मूळ रुंदी ८६ मीटर होती, तेवढी परत जमली नाही. मग होर्यू-जी मंदिर, इथून जवळच. १९४९ साली तिथल्या मुख्य सभागृहाला आग लागली आणि भिंतीवरची बुद्धचित्रं गेली. त्या चित्रांची तुलना अभ्यासक अजिंठ्याशी करतात. ते ऐकल्यावर ग्रुपमधली कुजबुज थांबली. औरंगाबादचं एक जोडपं होतं, त्यांनी तारीख विचारली. २६ जानेवारी. जपानमध्ये १९५५पासून त्या दिवशी देशभरातल्या मंदिरांतून आग विझवण्याची कवायत होते, पाण्याचे फवारे छपरांवरून उडतात. आपल्याकडे त्याच सकाळी झेंडावंदन.

आग लावायची जागा होतीच. सभागृहाच्या बाहेर, मोठ्या धूपपात्रापाशी. काकूंनी तिथली उदबत्ती विकत घेतली, लावली, राखेत खोचली. चेहरा मात्र घुमा.

त्यांची समजूत घालायला म्हणून गाईडबाईंनी बोधिसेनांची गोष्ट काढली. भारतातून चीनमार्गे ७३६ साली जपानला आलेला भिक्षू. ७५२ साली या मूर्तीचे डोळे उघडण्याचा विधी झाला तेव्हा तो त्यांच्या हातून झाला. कुंचला त्यांच्या हातात, कुंचल्याला लांब दोऱ्या बांधलेल्या, आणि त्या दोऱ्या जमलेल्या लोकांच्या हातात, म्हणजे डोळे सगळ्यांनी मिळून काढले. तो कुंचला आणि निळी रेशमी दोरी इथल्या शोसोइन भांडारात अजून जपून ठेवली आहे.

काकूंनी क्षणभर विचार केला. "म्हणजे प्राणप्रतिष्ठा आमच्याच माणसानं केली." मग माझ्याकडे वळून, "आणि आम्हालाच कापूर लावू देत नाहीत!"

गाईडबाईंना मी हे भाषांतर करून सांगितलं. त्या इतक्या हसल्या की त्यांना रुमाल काढावा लागला. रुमाल काढताना पिशवीतली डबी हाताला लागली. ती त्यांनी उघडली, नाकाशी नेली आणि एकदम गप्प झाल्या. "शोनो," म्हणाल्या. कापूर. जपानमध्ये पूर्वी किमोनोच्या कपाटात कसर लागू नये म्हणून कापूर ठेवायचे. त्यांच्या आईच्या कपाटाला हाच वास यायचा. जपानमध्ये कापराची झाडं भरपूर आहेत, देवळांच्या आवारात जुने प्रचंड वृक्ष असतात. सहाव्या-सातव्या शतकात इथे बुद्धमूर्ती कोरायला हेच लाकूड घेत. मियाजिमा बेटापाशी समुद्रात उभ्या असलेल्या तोरीचे, म्हणजे देवळाच्या कमानीचे, मुख्य खांबही कापराच्याच लाकडाचे. काकूंनी हे ऐकलं आणि डबीकडे बोट दाखवून म्हणाल्या, "एक ठेवा तुम्ही." गाईडबाईंनी दोन्ही हातांनी एक वडी घेतली, कागदी रुमालात गुंडाळली.

तिथे त्यांनी मला बाजूला घेतलं. आज संध्याकाळी सातला इथल्याच निगात्सु-दो देवळात मशाली आहेत, म्हणाल्या, ह्यांना दाखवायला हव्यात.

मार्चच्या पहिल्या आठवड्यातली टूर स्वस्त पडते, कारण साकुरा, म्हणजे चेरी, फुललेला नसतो. लोक पैसे भरताना हे ऐकतात आणि पोचल्यावर "साकुरा कुठाय?" विचारतात. पण तोदाई-जीचा शुनी-ए, म्हणजे हा मशालींचा विधी, मात्र १ ते १४ मार्च याच दिवसांत असतो. मला तो माहीत होता, कार्यक्रमात कधी बसवला नव्हता, कारण क्योतोला साडेसातला जेवण ठरलेलं असतं. आपल्या ग्रुपचं जेवण पुढे ढकलणं म्हणजे काय, ते ज्यानं केलंय त्यालाच विचारा. शिवाय ड्रायव्हरच्या कामाचे तास ठरलेले. एक मिनिट इकडचं तिकडे होत नाही. गाईडबाईंनी त्याच्या ऑफिसला फोन लावला, रात्री नऊपर्यंतची मुभा मिळाली. मी रेस्टॉरंटला फोन करून जेवण डब्यात भरायला सांगितलं. ग्रुपला विचारलं नाही. ग्रुपमध्ये मतदान कधीही घेऊ नये, चोवीस जणांची पंचवीस मतं होतात. "कार्यक्रमात एक खास गोष्ट वाढवलीय," एवढंच माइकवर जाहीर केलं.

मधला वेळ कासुगा ताइशा देवळात गेला. तीन हजारांच्या आसपास दगडी आणि ब्राँझचे कंदील, ते वर्षातून मोजक्या रात्रीच उजळतात. तिथे जाताना एका हरणानं माझ्या खिशातली रूमिंग लिस्ट ओढून खाल्ली. नाराची हरणं देवाची दूत मानतात, त्यामुळे तक्रार कुणाकडे करणार.

साडेपाचला निगात्सु-दोच्या खालच्या उतारावर आम्ही उभे राहिलो. डोंगराच्या कडेला, खांबांवर उचललेलं लाकडी देऊळ, पुढे लांब सज्जा. थंडी हाडात शिरत होती. दीड तास उभं राहायचं म्हटल्यावर एका काकांनी "जेवण किती वाजता?" हे चार वेळा विचारलं. काकूंनी पिशवीतून भडंग काढलं आणि ते शेजारच्या जपानी आजोबांपर्यंत गेलं.

दरम्यान गाईडबाईंनी सांगितलं ते असं. अकरा भिक्षू या दिवसांत सगळ्या लोकांच्या वतीनं एकादशमुखी कान्नोनपुढे, म्हणजे अवलोकितेश्वरापुढे, चुकांची कबुली देतात. ७५२ सालापासून एकही वर्ष खंड नाही. मशाली खरं तर त्यांना पायऱ्या चढताना उजेड दाखवायला. आणि १६६७ साली याच विधीच्या वेळी हे देऊळ जळालं होतं. दोन वर्षांत परत उभं केलं, विधी चालूच ठेवला.

सातला दिवे विझले. डावीकडच्या जिन्यातून पहिली मशाल वर चढताना दिसली. माणसाच्या तिप्पट उंचीच्या बांबूच्या टोकाला पेटलेला गोळा. ती सज्जाच्या कोपऱ्यावर आली, थांबली, कठड्याबाहेर तिरकी झाली, आणि धरणाऱ्यानं ती गरगर फिरवली. ठिणग्यांचा लोट खाली आमच्याकडे आला. मग तो माणूस मशाल घेऊन सज्जाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत धावत सुटला. लाकडी छपराखालून, लाकडी फळ्यांवरून. गर्दीतून एकच आवाज निघाला, तो कुठल्याही भाषेतला नव्हता. अशा दहा मशाली.

माझं लक्ष काकूंकडे. त्या काही तरी पुटपुटत होत्या, म्हणून जवळ गेलो. मला वाटलं स्तोत्र.

"तो झाडूवाला बघ," त्या म्हणाल्या. "मगासपासून बघतेय."

मी इतकी वर्षं इथल्या मशालींचे फोटोच पाहिले होते. आता पाहिलं. प्रत्येक मशालीच्या मागे सज्जावर एक माणूस होता. पडलेला प्रत्येक निखारा तो झाडूनं लोटत होता, थांबत नव्हता, मशालीकडे पाहतही नव्हता. खाली अग्निशमन दलाचे जवान उभे होते.

"आमच्याकडे आरती झाली की सगळे प्रसादाकडे धावतात," काकू म्हणाल्या.

संपल्यावर लोक खाली पडलेली जळकी देवदाराची पानं वेचायला वाकले. घरात ठेवली की वर्षभर आजार येत नाही म्हणतात. गाईडबाईंनी एक काळी डहाळी उचलून काकूंच्या तळहातावर ठेवली. काकूंनी ती कापराच्या डबीत, उरलेल्या तीन वड्यांच्या शेजारी ठेवून झाकण लावलं.

कोचमध्ये हीटर चालू होता, डबे येणार म्हणून सगळे प्रसन्न होते. मोजली, चोवीस. काकूंच्या शेजारी बसलो आणि सहज विचारलं, "काकू, पन्नास वर्षांचा रोजचा नियम म्हणता, मग इथे आल्यापासूनचे सहा दिवस?"

"चुकवला नाही रे. बाथरूममध्ये लावते, पंखा चालू करून."

"आणि खोलीत दाराशी छताला पांढरी डबी असते, ती वाजली नाही?"

"पहिल्या रात्री वाजली थोडी. मग तिला शॉवर कॅप घातली."

"तुमचा हात पोचला तिथं?"

"माझा कसला पोचतोय. आमच्या रूममेट मॅडम उंच आहेत."

पुढच्या सीटवरच्या निवृत्त मुख्याध्यापिका एकदम खिडकीबाहेरचा अंधार बघू लागल्या.