टीबीचं पथ्य आणि ताजा बांगडा

कोकणात माणूस आजारी पडला की औषधाच्या आधी पथ्य घरात येतं. मला फुप्फुसाचा टीबी झालाय हे कळल्यावर विचारपूस करायला आलेल्या प्रत्येकाने काही ना काही बंद करायला सांगितलं. दही नको, ताक नको, केळं कफ करतं, अंडं उष्ण पडतं, वांग्याने खाज सुटते आणि मासे तर नावच काढायचं नाही. सगळ्यांचं ऐकलं असतं तर ताटात पेज आणि मीठ एवढंच उरलं असतं. आता कोर्स पुरा झालाय म्हणून निवांत लिहायला बसलेय. गोळ्या, तपासण्या सगळं सांगते, पण खाण्याबद्दल जरा जास्त सांगणार. मालवण तालुक्यातल्या माझ्यासारख्या बाईला जे एक खरं पथ्य आधी कळायला हवं होतं, ते या सल्ल्यांच्या ढिगात कुठेच नव्हतं.

शिमगा झाल्यावर खोकला लागला. मी घरीच शिवणकाम करते. कापडाच्या धुरळ्याने होतं असं कधीमधी, म्हणून आल्याचा काढा, लवंग चालू होतं. मग संध्याकाळी अंगात कसकस यायला लागली, रात्री घामाने उशी भिजायची. माझेच ब्लाउज मला ढगळ व्हायला लागले आणि मीच ते आत घेत बसले! ओळखीच्या एका डॉक्टरांकडून खोकल्याचं सिरप झालं, एक अँटिबायोटिक झालं, मग दुसरं झालं. दुसऱ्याने आठवडाभर बरं वाटलं आणि पुन्हा तेच. नंतर कळलं की लिव्होफ्लॉक्सॅसिनसारखं औषध टीबीच्या जंतूंनाही थोडं दाबतं. जंतू मरत नाहीत, पण रोग्याला बरं वाटतं आणि खरं निदान लांबतं. छातीचा एक्स-रे किंवा बेडका तपासायचं तोवर कुणाच्या तोंडी आलं नव्हतं.

ते आलं आमच्या आशाताईंच्या, म्हणजे गावातल्या आशा कार्यकर्तीच्या तोंडी. त्या ब्लाउजचं माप द्यायला आल्या होत्या. मी मापं लिहून घेताना खोकत होते. “कधीपासून हो वहिनी हा खोकला?” मी सांगितलं. “दोन आठवड्यांच्या वर गेला ना, मग बेडका द्यायचाच. उद्या माझ्यासोबत चला.” ब्लाउजच्या गळ्याचं राहूनच गेलं.

बेडका देणं दिसतं तितकं सोपं नाही. प्राथमिक आरोग्य केंद्रातल्या प्रयोगशाळेतल्या दादांनी प्लास्टिकची डबी हातात दिली आणि इमारतीच्या मागे, फणसाखाली, उघड्यावर पाठवलं. बंद खोलीत खोकायचं नाही, वारा हवा. मी दिलेली पहिली डबी त्यांनी उजेडात धरून परत केली. “ही लाळ आहे ताई. छातीतून यायला हवा. चूळ भरा, दोन-तीनदा खोल श्वास घ्या, रोखा, मग जोरात खोका.” दुसऱ्या वेळी घट्ट, पिवळसर काहीतरी आलं. ते बघून एवढा खूश झालेला माणूस मी दुसरा पाहिला नाही. सकाळी उठल्या उठल्या, काही खाण्यापूर्वीचा आणखी एक नमुना आणायला सांगितला, कारण रात्रभरात साचलेला बेडका तपासणीला उत्तम.

तपासणी ट्रूनॅट नावाच्या यंत्रावर झाली. हे यंत्र आपल्या शेजारच्या गोव्यात तयार होतं आणि बॅटरीवर चालतं. मे महिन्यात वीज किती वेळा जाते हे माहीत असलेल्याला यातली गंमत कळेल. सूक्ष्मदर्शकाखाली जंतू दिसायचे तर बेडक्याच्या एका मिलिलीटरमध्ये ते हजारोंनी असावे लागतात. ट्रूनॅट जंतूच्या जनुकाचा तुकडा शोधतं, त्यामुळे ते थोडे असले तरी सापडतात. आधी टीबी आहे का ते बघतात आणि मग दुसऱ्या चिपवर, रिफाम्पिसिन हे मुख्य औषध त्याला लागू पडेल का ते. माझा टीबी निघाला, पण औषधाला दाद देणारा. डॉक्टर म्हणाले, “हा चांगला निकाल आहे.” तेव्हा त्यांचा राग आला होता.

पुढचं भराभर झालं. निक्षय आयडी, म्हणजे टीबीच्या रुग्णाचा सरकारी नोंदणी क्रमांक मिळाला, एचआयव्ही आणि साखर तपासली. साखर सगळ्याच टीबीच्या रुग्णांची बघतात, कारण मधुमेह असलेल्याला टीबीचा धोका दोन-तीन पटींनी जास्त. वजन ४६ भरलं. त्या वजनाला रोज तीन गोळ्या, एकदमच घ्यायच्या. एकेका गोळीत चार औषधं: आयसोनियाझिड, रिफाम्पिसिन, पायराझिनामाइड, इथॅम्ब्युटॉल. दोन महिने ही चार, पुढचे चार महिने पायराझिनामाइड वगळून तीन. सोबत ब-६ जीवनसत्त्वाची गोळी, कारण आयसोनियाझिडने हातापायाला मुंग्या येतात.

सिस्टरनी एक मोठं काम केलं. काय काय होऊ शकतं ते आधीच सांगून टाकलं. लघवी नारिंगी होईल, घाबरू नका. सांधे दुखतील. डोळे किंवा लघवी हळदीसारखी पिवळी झाली, अन्नावरची वासनाच उडाली, उलट्या होत राहिल्या, तर त्याच दिवशी या, लिव्हर बघावी लागेल. लाल-हिरवा रंग ओळखताना गडबड व्हायला लागली तरी या. (मी दोऱ्याच्या रिळांवर रोज परीक्षा घ्यायचे.) आणि मग आवाज खाली आणून, “पाळणा लांबवायच्या गोळ्या घेता का? रिफाम्पिसिनने त्यांचा भरवसा राहत नाही. दुसरं काहीतरी वापरा.” हे लहानशा कागदावर छापून प्रत्येक बाईच्या हातात द्यायला हवं असं माझं मत आहे.

घरी खरी लढाई ताटाची. सासूबाईंनी माझं ताट, वाटी, पेला वेगळा काढला. “पोरग्याक लागात गो.” मुलगा चार वर्षांचा, त्यांची भीती खोटी नव्हती, पण ती चुकीच्या वस्तूवर बसली होती. टीबी ताटावाटीतून पसरत नाही. खोकल्यातून, बोलण्यातून हवेत उडालेल्या बारीक कणांतून पसरतो. म्हणजे ताट एक असलं तरी चालेल, पण पावसाची झड येते म्हणून खिडक्या बंद करून सगळ्यांनी एका खोलीत झोपायचं हे धोक्याचं. मी मास्क लावला, काही आठवडे पडवीत झोपले आणि पडवीला लावलेली ताडपत्री एका बाजूने सोडवली. औषध नीट सुरू झालं की साधारण दोन आठवड्यांत पसरवण्याची ताकद पुष्कळ उतरते, हे डॉक्टरांनी नवऱ्याला बोलावून सांगितलं.

सासूबाईंचं समाधान झालं नाही. त्यांच्या चुलत्यांना त्या काळी मिरजेला, वान्लेसवाडीच्या सॅनेटोरियमला, म्हणजे टीबीच्या रुग्णांना ठेवून घेणाऱ्या दवाखान्यात नेलं होतं. “ह्या गोळयेंनी काय होवचा नाय. मिरजेक न्हेवक व्हया.” त्यांना मी मद्रासची गोष्ट सांगितली. तिथे १९५६ साली टीबीच्या रुग्णांचे दोन गट केले. एक सॅनेटोरियममध्ये, चांगला आहार आणि आराम देऊन. दुसरा आपापल्या घरी, गरिबीत आणि दाटीत. औषधं दोघांना तीच. १९५९ साली निकाल छापून आला तेव्हा दिसलं की घरी राहिलेले जवळपास तितकेच बरे झाले आणि त्यांच्या घरच्यांना रोग जास्त लागला असंही नाही. सगळ्या जगाने सॅनेटोरियमं बंद करायला घेतली ती त्यानंतर. सासूबाईंनी ऐकून घेतलं आणि “मद्राशी माणसा भात खातत, तेंका चलता,” म्हणाल्या. आम्ही काय खातो हे विचारायची माझी हिंमत झाली नाही.

दुसरा महिना संपता संपता खोकला गेला, भूक परत आली. इथेच पुष्कळजण गोळ्या सोडतात असं म्हणतात, आणि मला ते समजू शकतं. सकाळी उपाशीपोटी तीन मोठ्या गोळ्या, मग मळमळ, आणि अंगात रोग तर कुठेच जाणवत नाही. डॉक्टरांनी कारण सांगितलं ते डोक्यात बसलं. जुलाबाचे जंतू वीस मिनिटांत दुप्पट होतात, टीबीच्या जंतूला एकदा दुभंगायला पंधरा-वीस तास लागतात. काही तर झोपूनच असतात आणि औषध लागतं ते जाग्या जंतूला. झोपलेले एकेक करून जागे होईपर्यंत औषध दारात उभं राहायला हवं. हेच सहा महिने पूर्वी दीड-दोन वर्षं होते, रिफाम्पिसिन आणि पायराझिनामाइड आल्यावर कमी झाले.

आता मासे. पहिल्याच आठवड्यात मी डॉक्टरांना विचारलं होतं आणि त्यांनी हसून “सगळं खा, भरपूर खा” म्हणून सांगितलं. बरोबरच होतं. झारखंडमध्ये टीबीच्या रुग्णांच्या घरी जादा शिधा देऊन केलेला एक अभ्यास २०२३ साली ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात आला. ज्या घरांना नीट पोषण मिळालं तिथे घरातल्या इतरांना फुप्फुसाचा टीबी होण्याचं प्रमाण जवळपास निम्म्यावर आलं. सरकारही याचसाठी उपचार चालू असेपर्यंत पोषणाचे पैसे खात्यात टाकतं. आधी महिन्याला ५०० रुपये होते, नोव्हेंबर २०२४ पासून १,००० झाले. माझे आधार जोडणीत अडकले आणि बँकेच्या फेऱ्या मारून उशिरा मिळाले. त्यावर लिहायला लागले तर दुसरा लेख होईल. तर मी अंडी, चवळी, कुळथाची पिठी, शेंगदाण्याचा लाडू आणि मासे सगळं खात होते. जून-जुलै मासेमारी बंद, तेव्हा गोडी डाळ आणि सुकं. वजन चढत होतं.

गणपती गेले आणि बाजारात बांगडा आला. ढिगाने आला, स्वस्त झाला. एका दिवशी दुपारी उशिरा दारावर मासळीची पाटी आली. बर्फ नव्हता, ऊन मरणाचं. बांगडे बघायला ठीक होते, डोळे जरा मलूल. तिरफळं घालून तिखलं केलं, सगळे एकाच टोपातलं जेवलो. हात धुवून मशीनवर बसते न बसते तो कान गरम झाले. मग चेहरा, मान, छाती. आरशात बघितलं तर पिंजर फासल्यासारखी लाल. डोकं ठणकायला लागलं, छातीत धडधड. नवरा, सासूबाई, मुलगा सगळे ठणठणीत. म्हणजे मासळी बाधली म्हणावं तर मला एकटीलाच कशी? सगळ्यांनी एकमताने ठरवलं की गोळ्या अंगावर आल्या, उद्यापासून बंद.

आरोग्य केंद्रात त्या दिवशी नव्याने आलेल्या तरुण डॉक्टर होत्या. त्यांनी रक्तदाब बघितला, श्वास नीट आहे ना ते बघितलं आणि पहिला प्रश्न विचारला, “जेवलात काय?” बांगडा म्हटल्यावर त्या मान हलवायला लागल्या. अ‍ॅलर्जीवरचं औषध देऊन बसवून ठेवलं. संध्याकाळपर्यंत सगळं ओसरलं.

त्यांनी सांगितलं ते असं. बांगडा, कुपा (ट्यूना), गेदर, तारली या तांबड्या मांसाच्या माशांत हिस्टिडिन नावाचा पदार्थ पुष्कळ असतो. मासा गरम्यात राहिला की जंतू त्याचं हिस्टामाइन करतात. वास येण्याआधीच ते तयार झालेलं असू शकतं आणि शिजवून, तळून जात नाही. आपल्या अंगात ते मोडून टाकणारं एक विकर (एन्झाइम) असतं, म्हणून थोडंफार हिस्टामाइन सगळ्यांना पचतं. आयसोनियाझिड नेमकं त्या विकराला अडवतं. म्हणून त्याच टोपातलं खाऊन चौघांत मी एकटी लाल झाले. श्रीलंकेतल्या डॉक्टरांनी हे १९७०च्या दशकातच लिहून ठेवलंय, कारण तिथेही लोक आमच्यासारखेच कुपा खातात. “मासे सोडू नका, गोळ्या तर मुळीच सोडू नका. बांगडा ताजा, बर्फातला घ्या, नाहीतर त्या दिवशी दुसरी मासळी खा. सुका बांगडाही जपून.”

मला हायसं वाटलं आणि रागही आला. केळ्यापासून वांग्यापर्यंत अर्धं गाव पथ्य सांगून गेलं, सरकारी पत्रकावर दूध, अंडी, डाळींची चित्रं होती. ज्या किनाऱ्यावर दिवसाआड बांगडा शिजतो तिथल्या पत्रकावर बांगड्याबद्दल एक ओळ नाही. पत्रक छापणाऱ्याने आमच्या चुलीवर काय असतं ते विचारायला हवं. आशाताईंना मी हे बोलले, तर त्यांनी लगेच वहीत लिहून घेतलं. आता त्या प्रत्येक टीबीच्या घरात गोळ्यांचं पाकीट देताना “बांगडो ताजो बघून घ्या” हे सांगतात.

दिवाळीच्या सुमारास शेवटचा बेडका दिला, एक्स-रे काढला. जंतू नाहीत. वजन ५२. दोन वर्षांपर्यंत दर सहा महिन्यांनी तपासणीला जायचंय. मुलाला सुरुवातीलाच, त्याला टीबी नाही याची खात्री करून, प्रतिबंधक म्हणून रोजचं आयसोनियाझिड सुरू केलं होतं, तेही संपलं. नवऱ्याने आठवड्यातून एकदा घ्यायचा, बारा आठवड्यांचा कोर्स केला. सासूबाई तेवढ्या “माका खोकलो नाय, मी कित्याक घेव?” म्हणून अडून होत्या. एक्स-रे स्वच्छ आल्यावर त्यांचा लाडका नातू मध्ये पडला आणि त्यांचाही तोच कोर्स गेल्या महिन्यात सुरू झाला. त्यातही आयसोनियाझिड आहे. परवा दारावर पाटी आली तर बाहेर जाऊन त्यांनी एकेक बांगड्याचा कल्ला उचलून बघितला, बर्फ कुठाय म्हणून विचारलं आणि अख्खी पाटी परत पाठवली. त्या रात्री आम्ही कुळथाची पिठी जेवलो.