गाणारी बाई आणि मुका सिनेमा

१९१५ चा 'कार्मेन' सापडला तर नक्की बघा. मूकपट आहे, आणि हिरॉइन कोण, तर जेराल्डिन फॅरार, न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेराची त्या काळातली एकदम लाडकी सोप्रानो (उंच पट्टीत गाणारी गायिका). म्हणजे बघा ना, जिचा आवाज ऐकायला लोक तिकिटं काढायचे तिलाच घेतलं आणि आवाज तेवढा वगळला!

ऐकायला येडेपणा वाटतो, पण पिक्चर बघितला की पटतं. बाई नुसती गाणारी नव्हतीच मुळी. मॅसॅच्युसेट्सची पोरगी, वडील प्रोफेशनल बेसबॉल खेळायचे. १९०१ मध्ये बर्लिनला 'फाउस्ट' या ऑपेरातून पदार्पण, तेव्हा वय १९. तिथे जर्मनीच्या युवराजाशी नाव जोडलं गेलं ते वेगळंच, पेपरवाल्यांची चंगळ. लिली लेहमान नावाच्या कडक गुरूकडे शिकली आणि १९०६ मध्ये मेटला (म्हणजे मेट्रोपॉलिटन ऑपेरात) आली, मग १९०७ ला मेटचा पहिला 'मादाम बटरफ्लाय', सोबत गाजलेला गायक कारुसो आणि खुद्द संगीतकार पुच्चिनी हजर. बटरफ्लाय तर तिचीच भूमिका होऊन बसली. १९१० मध्ये हंपरडिंकच्या 'क्योनिग्सकिंडर' या ऑपेरात तिने स्टेजवर खरेखुरे जिवंत हंस आणले आणि शेवटी एक हंस काखेत घेऊन पडद्यासमोर आली, लोक खूश. असा ड्रामा तिला अंगातूनच यायचा, आणि तरुण मुली तर इतक्या फिदा की त्यांना 'जेरीफ्लॅपर्स' हे नावच पडलं होतं.

तरी आवाजाच्या तक्रारी तोपर्यंत सुरू झाल्या होत्या, आणि समीक्षक कधीकधी म्हणायचे की ती गाते त्यापेक्षा जास्त अभिनय करते. टोमणाच होता, पण सिनेमाचा दिग्दर्शक सेसिल बी. डिमिलला नेमकं तेच हवं होतं! १९१५ च्या उन्हाळ्यात लास्की या फिल्म कंपनीने तिला हॉलिवूडला बोलावलं, जाण्यायेण्याला खास रेल्वेचा डबा वगैरे थाट. डिमिलने आधी 'मारिया रोझा' शूट केला, कारण तिला कॅमेऱ्याची सवय व्हावी, आणि मग 'कार्मेन'. रिलीज मात्र 'कार्मेन' आधी. बिझेच्या ऑपेराचे हक्क नव्हते म्हणून कथा मेरिमे या फ्रेंच लेखकाच्या मूळ गोष्टीवरून घेतली. सिगारेटच्या कारखान्यातली मारामारी बघा, दुसऱ्या बाईवर अशी झडप घातलीय की वाटतं ही ऑपेरावाली कुठून आली.

आणि इथे मजा होते. पुढच्या फेब्रुवारीत मेटला परत आली, ऑपेरातली कार्मेन करायला, आणि सिनेमातलं सगळं घेऊनच आली. कोरसमधल्या एका मुलीला हाणलं, कारुसोच्या थोबाडीत दिली, तो भडकला. हे सिनेमाचं थिएटर नाही म्हणे. तिने ऐकवलं की नको असेल तर दुसरी कार्मेन शोधा. (हा किस्सा वेगवेगळ्या रंगात सांगतात, पण पेपरात बोंबाबोंब झाली होती हे खरं.) माझं मत विचाराल तर मूकपटाने तिचा आवाज घेतला नाही, उलट अंग मोकळं केलं, आणि स्टेजला ते झेपलं नाही.

नंतर १९१६ ला डिमिलचाच जोन ऑफ आर्कवरचा 'जोन द वुमन', लढाया, चिलखत, शेवटी चितेवर जळण्याचा सीन रंगवलेल्या फ्रेम्समध्ये. मला हा जरा लांबलाय असं वाटतं पण तिचे डोळे मात्र काय बोलतात! नवरा मिळाला तोही पिक्चरवालाच, लू टेलेगन, पण ते १९२३ मध्ये संपलं.

सगळ्यात आवडतं मला तिचं थांबणं. चाळिशीला स्टेज सोडणार असं ती आधीपासून म्हणायची आणि सोडलं पण, एप्रिल १९२२ मध्ये 'झाझा' हा ऑपेरा करून. त्याआधीच्या हिवाळ्यात मारिया येरित्सा ही नवी सोप्रानो मेटला आली होती, पालथी झोपून 'तोस्का' ऑपेरातली आरिया (एकटीचं गाणं) गाणारी, लोक तिच्यामागे. त्याचा परिणाम असेल थोडा. पण मेटच्या ६७२ प्रयोगांनंतर, प्रेक्षकांना अजून हवी असताना जाणं सगळ्यांना जमत नाही, आपल्याकडे तर आवाज गेला तरी माईक सोडत नाहीत लोक. पुढे काही वर्षं कॉन्सर्ट करत राहिली, आणि १९३४-३५ च्या सीझनमध्ये मेटच्या रेडिओ प्रक्षेपणात मध्यंतरात निवेदन करायला बसली, तिथे पियानोवर सुरावटी वाजवून श्रोत्यांना समजावून सांगायची. १९६७ पर्यंत जगली. रेकॉर्डिंग्ज भरपूर आहेत, कारुसोबरोबरचं 'बटरफ्लाय' चं ड्युएट आधी ऐका.